ज्येष्ठता शून्य झाली, पण पात्रताही गेली का?

पत्र असं आहे. नाव न छापण्याची विनंती आहे, म्हणून जिल्हे आणि विभाग गाळले आहेत.

"नमस्कार सर. मी राज्य शासनाच्या एका कार्यालयात कनिष्ठ लिपिक आहे. जुलै 2013 मध्ये सरळसेवेने लागले. लग्नानंतर मिस्टरांची नोकरी दुसऱ्या जिल्ह्यात, मुलगी लहान. म्हणून विनंती अर्ज करून डिसेंबर 2019 मध्ये इकडे आले. येताना 'शून्य ज्येष्ठता मान्य आहे' असं हमीपत्र लिहून दिलं होतं. ऑगस्ट 2025 मध्ये वरिष्ठ लिपिकाच्या तीन जागांसाठी डीपीसी (विभागीय पदोन्नती समितीची बैठक) झाली. दोन जागा भरल्या. त्यातले एक जण 2016 साली लागलेले, म्हणजे माझ्याहून तीन वर्षांनी नवे. तिसरी जागा 'पात्र कर्मचारी उपलब्ध नाही' म्हणून रिकामी ठेवली. ज्येष्ठता सूचीत त्या दोघांच्या खाली एक सहकारी आहेत, त्यांची विभागीय परीक्षा राहिली आहे. त्यांच्या खाली मी. परीक्षा मी 2017 मध्येच पास झाले. आमच्या सेवाप्रवेश नियमात 7 वर्षांची नियमित सेवा मागितली आहे. आस्थापनेत विचारलं तर म्हणाले, 'मॅडम, तुमची सेवा इथे 2019 पासून. 7 वर्षे डिसेंबर 2026 ला होतील, तेव्हा बघू.' दुसरे एक जण म्हणाले, 'तुमच्यावर नोटीस आहे ना, म्हणून पाकीट बंद केलंय.' मार्चमध्ये एका फाइलला उशीर झाला म्हणून कारणे दाखवा नोटीस आली होती, मी खुलासा दिला, पुढे काहीच झालं नाही. दीर म्हणतात सरळ मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जा. मिस्टर म्हणतात साहेबांशी वैर नको. आणि खरं सांगायचं तर ऑर्डर लांबच्या तालुक्याची निघाली तर मी जाऊ शकेन का, हेही मला माहीत नाही. काय करू?"

ताई,

तुमचं पत्र वाचताना दोन-तीनदा थांबलो. आस्थापनेच्या टेबलावर मी बरीच वर्षं काढली आहेत. तुम्हाला मिळालं तसं उत्तर मीही एकेकाळी लोकांना दिलं असेल, आणि ते चुकीचं असेल. "तुमची सेवा इथे 2019 पासून" हे वाक्य टेबलावर बसून उच्चारायला फार सोपं असतं.

दुखणं 2016 वाल्या सहकाऱ्यापासून सुरू झालंय, तर आधी त्यांचंच बघू. त्यांच्याविरुद्ध तुमची तक्रार टिकणार नाही. विनंतीवरून दुसऱ्या आस्थापनेवर येणाऱ्याला तिथल्या यादीत सर्वांत खालचं स्थान मिळतं. त्यामागचं कारणही समजण्यासारखं आहे. आधीपासून तिथे रांगेत उभे असलेल्यांच्या पुढे बाहेरून कुणी येऊन उभं राहिलं, तर त्यांनी काय पाप केलं? तुम्ही हमीपत्र दिलंत ते या गोष्टीसाठी. त्या यादीत 2016 साली लागलेला माणूस 2019 मध्ये आलेल्या तुमच्या आधीच असणार. नोकरीची एकूण वर्षं तुमची जास्त असली तरी त्या यादीपुरते तुम्ही त्यांना कनिष्ठ आहात. त्यांना "ज्युनियर" म्हणणं सोडून द्या, निवेदनात तर तो शब्द अजिबात आणू नका. आणला की वाचणारा साहेब पहिल्या परिच्छेदातच ठरवून टाकेल की बाईंना नियम माहीत नाही, आणि तुमचा खरा मुद्दा तिसऱ्या पानावर तसाच पडून राहील.

तुमचा खरा मुद्दा आहे तिसरी जागा.

पदोन्नतीत दोन प्रश्न एकामागून एक येतात आणि कार्यालयात ते कायम एकमेकांत मिसळले जातात. पहिला, हा कर्मचारी विचारात घेण्याच्या लायक आहे का? म्हणजे नियमात मागितलेली सेवेची वर्षं, शैक्षणिक अर्हता, विभागीय परीक्षा, टंकलेखन किंवा संगणकाची अट, जे काही असेल ते पुरं आहे का? ही पात्रता. दुसरा, जे लायक आहेत त्यांच्यात आधी कोण? ही ज्येष्ठता. विनंती बदलीने तुमचा रांगेतला नंबर गेला. पण रांगेत उभं राहण्यासाठी लागणारा अनुभव कुठे गेला? जुलै 2013 ते डिसेंबर 2019 या काळात तुम्ही कनिष्ठ लिपिक म्हणूनच काम केलंत ना? त्याच पदावर, त्याच वेतनश्रेणीत, नियमित नेमणुकीने. त्या साडेसहा वर्षांत शिकलेल्या टिपणी, नस्त्या, बिलं, आवक-जावक तुम्ही जुन्या जिल्ह्याच्या एस.टी. स्टँडवर ठेवून आला नाहीत.

हे माझं मत म्हणून सांगत नाही. सर्वोच्च न्यायालयापुढे हाच प्रश्न रेणू मल्लिक प्रकरणात आला होता. केंद्रीय अबकारी खात्यातल्या लिपिक बाई, स्वतःच्या विनंतीने दुसऱ्या कार्यालयात बदलून आलेल्या, खालची ज्येष्ठता मान्य असल्याचं लिहून दिलेलं. तुमचीच गोष्ट. पुढच्या पदासाठी सेवेची वर्षं मोजताना आधीच्या कार्यालयातली वर्षं धरायची नाहीत, असं न्यायाधिकरण म्हणालं होतं. सर्वोच्च न्यायालयाने ते फिरवलं. बदलून आलेल्या माणसाची ज्येष्ठता खाली जाते, पण आधीची सेवा पात्रतेसाठी पुसली जात नाही. पुढे सी. एन. पोन्नप्पन आणि 1998 मध्ये व्ही. एम. जोसेफ या प्रकरणांतही हीच भूमिका कायम राहिली. व्ही. एम. जोसेफ प्रकरणात तर मुद्दा इतका स्पष्ट आहे की निवेदनात मी तोच आधी लिहीन.

आता एक सावधगिरी. हे सगळं तुमच्या सेवाप्रवेश नियमातल्या शब्दांवर उभं आहे, आणि तुम्ही मला ते शब्द पाठवलेले नाहीत. फक्त "7 वर्षांची नियमित सेवा" असं लिहिलंत. नियमात "कनिष्ठ लिपिक पदावरील किमान 7 वर्षांची नियमित सेवा" असं असेल तर तुमची बाजू भक्कम आहे. पण कुठे "त्या जिल्ह्याच्या आस्थापनेवरील" किंवा "त्या संवर्गातील" असे शब्द बसवलेले असतील, तर कार्यालयाला धरायला काडी मिळते. मग लढाई शब्दाच्या अर्थावर जाते, निकाल आपोआप आपल्या बाजूने येत नाही. म्हणून कुणाच्या तोंडून ऐकलेला नियम चालणार नाही. संविधानाच्या अनुच्छेद 309 च्या परंतुकाखाली राजपत्रात प्रसिद्ध झालेली मूळ अधिसूचना मिळवा, तिच्यात नंतर दुरुस्त्या झाल्या असतील तर त्याही. माझ्या अनुभवात दहापैकी आठ आस्थापना लिपिक नियमाच्या जुन्या झेरॉक्सवर काम करतात आणि ती झेरॉक्सही कुणीतरी बदलून जाताना मागे ठेवून गेलेला असतो.

"नियमित" या शब्दाकडेही बघा. तुमची नेमणूक सरळसेवेने, निवड होऊन, नियमाप्रमाणे झाली आहे, त्यामुळे तुम्हाला काळजी नाही. पण हे वाचणाऱ्या इतरांसाठी लिहितो. तात्पुरती, तदर्थ किंवा सोय म्हणून दिलेली नेमणूक आणि नियमानुसार झालेली नेमणूक यांत न्यायालयं फरक करतात. 1990 मध्ये डायरेक्ट रिक्रूट अभियंत्यांच्या संघटनेचं प्रकरण घटनापीठापुढे गेलं होतं. ते महाराष्ट्राविरुद्धचंच प्रकरण. नियमाप्रमाणे झालेल्या नेमणुकीची सेवा नेमणुकीच्या तारखेपासून मोजायची, पण नियम बाजूला ठेवून केलेली तात्पुरती व्यवस्था ज्येष्ठतेला धरायची नाही, हा दंडक तिथे घालून दिला गेला. कंत्राटावरची चार वर्षं "माझी सेवा" म्हणून धरून बसलेले बरेच जण मला पत्रं लिहितात, त्यांना हे ऐकायला आवडत नाही.

तुमच्या पत्रात नसलेली एक गोष्ट मला विचारायची आहे, आणि तिचं उत्तर "हो" असेल तर तुमचं अर्धं काम झालं. जुलै 2023 मध्ये तुम्हाला सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजनेचा (पदोन्नती न होताही ठरावीक वर्षांनी वरची वेतनश्रेणी देणारी योजना) पहिला लाभ मिळाला का? 2 मार्च 2019 च्या शासन निर्णयाने हे लाभ 10, 20 आणि 30 वर्षांच्या नियमित सेवेनंतर देण्याचं ठरलं. 2013 ची तुमची सेवा धरून 2023 मध्ये पहिला लाभ मिळाला असेल, तर तो आदेश काढून वाचा. त्या योजनेत लाभासाठी नुसती दहा वर्षं भरून चालत नाही, पदोन्नतीसाठी ठरवलेली अर्हता आणि विभागीय परीक्षाही पुरी असावी लागते. म्हणजे तुमच्याच कार्यालयाने एका आदेशात 2013 पासूनची सेवा मोजली आणि वरच्या पदाच्या अटी पुऱ्या आहेत असं मानलं. आता तेच कार्यालय डीपीसीपुढे म्हणतं की सेवा 2019 पासूनची आणि अटी अपुऱ्या. एकाच माणसाची सेवा एका कागदावर बारा वर्षांची आणि दुसऱ्यावर पाच वर्षं आठ महिन्यांची कशी असेल? एवढ्याने खटला जिंकला असं मी म्हणणार नाही, कारण योजनेचे आणि पदोन्नतीचे नियम वेगळे आहेत. पण साहेबाला उत्तर द्यायला अवघड जाईल असा प्रश्न यातून तयार होतो, आणि निवेदनात असा एक तरी प्रश्न लागतोच.

आता नोटिशीकडे. इथे मला हसू आलं, माफ करा. एक टेबल सांगतं तुम्ही अपात्र, दुसरं टेबल सांगतं तुमचं पाकीट बंद. दोन्ही एकदम खरं असूच शकत नाही. मोहोरबंद पाकीट कुणाचं असतं? जो पात्र आहे, समितीने ज्याचा विचार केला, ज्याच्याबद्दल "योग्य" किंवा "अयोग्य" असा निष्कर्ष लिहिला, पण चौकशी चालू असल्याने तो निष्कर्ष आज उघड करता येत नाही, त्याचं. अपात्र माणसाच्या पाकिटात समिती काय घालणार? म्हणून तुम्हाला आधी हे कळायला हवं की इतिवृत्तात नक्की काय लिहिलंय. पाकीट असेल तर तुम्ही पात्र होतात हे कार्यालयानेच मान्य केलं. पाकीट नसेल तर नोटिशीचा विषयच संपला.

आणि पाकीट असेलच, तर तेही चुकीचं आहे. सर्वोच्च न्यायालयाने जानकीरामन प्रकरणात 1991 मध्येच सांगून ठेवलंय की मोहोरबंद पाकिटाची पद्धत दोषारोपपत्र दिल्यानंतर किंवा फौजदारी प्रकरणात आरोपपत्र दाखल झाल्यानंतर लागू होते. चौकशी करायचा विचार आहे, प्राथमिक चौकशी चालू आहे, खुलासा मागवलाय, एवढ्यावर पाकीट बंद करता येत नाही. तुम्हाला आलेला कागद पुन्हा नीट वाचा. त्यात महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, 1979 मधल्या नियम 8 किंवा नियम 10 चा उल्लेख आहे का? दोषारोपांचं विवरण जोडलंय का? असेल तर ती साधी नोटीस नाही आणि मग मला पुन्हा लिहा, उत्तर बदलेल. पण "अमुक फाइलला उशीर का झाला याचा तीन दिवसांत खुलासा करावा" एवढंच असेल, तर तो रोजचा कागद आहे. कार्यालयात असे कागद वर्षाला किती निघतात ते तुम्हाला माहीतच आहे. त्या खुलाशावर पुढे काय निर्णय झाला, हे मात्र लेखी विचारून नस्ती बंद झाल्याचं पत्र घ्या. उघडी राहिलेली नस्ती पुढच्या डीपीसीच्या आदल्या आठवड्यात नेमकी कुणाला तरी आठवते.

म्हणून पहिलं पाऊल, माहितीचा अधिकार. तुम्ही त्याच कार्यालयात आहात म्हणून तोंडी मागायला जाल तर "बघू, साहेबांना विचारतो" यात महिने जातील. 2005 च्या कायद्याखाली अर्ज करा, दहा रुपयांचं शुल्क आणि तीस दिवसांची मुदत. मागायचं काय? ऑगस्टच्या समितीचं इतिवृत्त, समितीपुढे ठेवलेली पात्र-अपात्र कर्मचाऱ्यांची यादी आणि त्यातला तुमच्या नावापुढचा शेरा, 1 जानेवारीच्या स्थितीला धरून काढलेली अंतिम ज्येष्ठता सूची, सेवाप्रवेश नियम. इतरांचे गोपनीय अहवाल मागू नका, ते मिळणार नाहीत आणि उगाच वैर वाढेल. स्वतःचे मागा.

अहवालांबद्दल थोडं सांगतो. आपण अजून सी.आर. म्हणतो, कागदावर त्याचं नाव कार्यमूल्यमापन अहवाल झालंय. समिती साधारण मागच्या पाच वर्षांचे बघते. तुमच्या बाबतीत बदलीचं वर्ष 2019-20 त्या पाचांत बहुधा येत नाही, हे बरं, कारण बदलीच्या वर्षाचे अहवाल दोन कार्यालयांच्या मधोमध हरवायलाच जन्माला येतात. मधल्या एखाद्या वर्षी शेरा खाली आला असेल आणि तुम्हाला तो कळवलाच नसेल, तर 2008 च्या देव दत्त निकालापासून नियम स्पष्ट आहे. चांगला असो वाईट असो, प्रत्येक शेरा कर्मचाऱ्याला कळवला पाहिजे, म्हणजे त्याविरुद्ध दाद मागता येते.

सेवापुस्तक मात्र आजच बघा. 2017 ची विभागीय परीक्षा तुम्ही जुन्या जिल्ह्यात पास झालात. तिची नोंद सेवापुस्तकात आहे? निकालाच्या आदेशाचा क्रमांक, तारीख, स्वाक्षरी? बदलून आलेल्यांच्या बाबतीत ही नोंद राहून जाते आणि मग पात्रतेच्या तक्त्यात परीक्षेच्या रकान्यात "—" येतं. त्या रेघेबद्दल कुणी परत विचारत नाही, समितीच्या टेबलावर मोजून चार मिनिटांत सगळं उरकतं. नोंद नसेल तर निकालाची प्रत लावून आधी ती करून घ्या. एकूणच, डीपीसीत माणूस मागे पडण्याची कारणं शोधायला गेलं की निम्म्या वेळा कटकारस्थान निघत नाही, सेवापुस्तकातलं एक कोरं पान निघतं.

मग निवेदन. नेमणूक अधिकाऱ्याच्या नावे, कार्यालयप्रमुखांमार्फत. दोन पानांच्या वर जाऊ नका. पहिल्या परिच्छेदात तारखा, दुसऱ्यात नियमाचे नेमके शब्द, तिसऱ्यात "ज्येष्ठतेबद्दल माझी तक्रार नाही, 2019 च्या हमीपत्राला मी बांधील आहे" हे वाक्य. हे वाक्य महत्त्वाचं आहे. यामुळे 2016 वाले सहकारी आणि त्यांची मित्रमंडळी तुमच्या विरोधात उभी राहणार नाहीत. चौथ्यात आश्वासित प्रगतीच्या आदेशाचा आणि न्यायनिर्णयांचा उल्लेख. शेवटी मागणी: ऑगस्टच्या समितीचा पुनर्विलोकन बैठकीत फेरविचार करावा आणि रिक्त ठेवलेल्या तिसऱ्या पदावर त्या तारखेपासून मानीव दिनांक (पदोन्नती तेव्हाच झाली असं मानून दिलेली तारीख) द्यावा. कुणाची पदोन्नती रद्द करा असं तुम्ही म्हणत नाही आहात, रिकामी खुर्ची मागता आहात. मिस्टरांना हे सांगा. यात साहेबांशी वैर कुठे येतं? उलट शहाणा अधिकारी असेल तर त्याला हे सोयीचं आहे, कारण रिक्त पद भरलं गेलं की त्याचीही एक डोकेदुखी कमी होते.

निवेदन बारनिशीत (आवक-जावक टेबलावर) द्या, पोहोच घ्या, आवक क्रमांक लिहून ठेवा. इथून घड्याळ चालू होतं.

तुमच्या दिरांचं "सरळ मॅट" का चुकतं ते आता सांगतो. "सरकारी काम आणि सहा महिने थांब" ही आपली म्हण, पण प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, 1985 मध्ये ती जवळजवळ कलम बनून बसली आहे. कलम 20 सांगतं की आधी खात्याकडे दाद मागा. तिथे निर्णय झाला किंवा निवेदन देऊन सहा महिने उलटले, की मग न्यायाधिकरणाचं दार उघडतं. कलम 21 सांगतं, त्यानंतर एक वर्षाच्या आत या. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे मॅटची पीठं आहेत, तुमचा जिल्हा ज्याच्याकडे येतो तिथे. (जिल्हा परिषदेचे कर्मचारी हे वाचत असतील तर मॅट तुमच्यासाठी नाही, तुम्हाला उच्च न्यायालयात जावं लागतं.) आणि एक चूक मी पन्नासदा पाहिलेली आहे. लोक स्मरणपत्र देत राहतात, पहिलं, दुसरं, सातवं, आणि समजतात की प्रत्येक स्मरणपत्राने मुदत वाढते. वाढत नाही. एस. एस. राठोर प्रकरणात 1989 मध्येच सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की पुन्हा पुन्हा निवेदनं देऊन मुदत लांबवता येत नाही. एक निवेदन, नीट लिहिलेलं. फार तर एक स्मरणपत्र. कॅलेंडरवर खूण.

डिसेंबर 2026 पर्यंत थांबलं तर काय बिघडलं, असं तुमच्या मनात येईल. दोन गोष्टी बिघडू शकतात. तुमच्या वरच्या त्या सहकाऱ्यांची परीक्षा राहिली आहे. उद्या ते पास झाले आणि तुमच्या परीक्षा नियमानुसार त्यांची ज्येष्ठता शाबूत राहिली, तर पुढच्या डीपीसीत ते तुमच्या आधी. ऑगस्ट 2025 मध्ये मात्र तुमच्या वर पात्र असं कुणी उरलेलं नव्हतं. दुसरी गोष्ट, नियम बदलू शकतात. जागा जुन्या काळात रिकामी झाली तर ती जुन्याच नियमाने भरायची, असं 1983 च्या रंगय्या निकालावरून लोक वर्षानुवर्षं धरून चालले होते. मे 2022 मध्ये हिमाचल प्रदेश विरुद्ध राज कुमार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो निकालच मोडीत काढला. सरकारने नवी अट घातली तर जुन्या रिक्त जागेवर आपोआप तुमचा हक्क राहील असं नाही. पदोन्नती मिळणं हा हक्क नाही, पदोन्नतीसाठी विचार होणं हा मात्र मूलभूत हक्क आहे, हे 1999 च्या अजित सिंग निकालातलं सूत्र. तुमचा विचारच झाला नाही, यावर बोट ठेवा.

आरक्षणाबद्दल तुम्ही विचारलं नाहीत, पण कार्यालयात कुणीतरी कुजबुजलं असेलच, म्हणून एवढंच. 25 मे 2004 चा पदोन्नतीतल्या आरक्षणाचा शासन निर्णय मुंबई उच्च न्यायालयाने ऑगस्ट 2017 मध्ये रद्द केला, प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं, आणि 7 मे 2021 च्या शासन निर्णयाने पदोन्नतीच्या कोट्यातली सगळी पदं त्या प्रकरणाच्या निकालाच्या अधीन राहून सेवाज्येष्ठतेने भरायचं ठरलं. तुमची तिसरी जागा "पात्र कर्मचारी नाही" म्हणून रिकामी राहिली आहे, बिंदुनामावलीमुळे (कुठली जागा कुठल्या प्रवर्गाची हे ठरवणाऱ्या तक्त्यामुळे) नाही. त्या वादात पडू नका.

राहिला लांबच्या तालुक्याचा प्रश्न, आणि तुमच्या पत्रातलं सगळ्यात खरं वाक्य तेच आहे असं मला वाटलं. निवेदन टाइप करायला बसायच्या आधी घरी यावर बोला. कारण पदोन्नती मागून घेऊन नाकारणं महागात पडतं. नाकारली की तुमच्या खालच्याचा नंबर लागतो, तो वरच्या संवर्गात तुमच्या पुढे जातो, आणि आश्वासित प्रगतीचा लाभ घेतलेल्याने नियमित पदोन्नती नाकारली तर तो लाभ काढून घेण्याची तरतूद त्या योजनेतच आहे. म्हणजे 2023 पासून दर महिन्याला हातात येणारी रक्कमही धोक्यात. दुसऱ्या बाजूला हेही खरं की पहिला लाभ आधीच मिळाला असेल तर पदोन्नतीने पगारात मोठी उडी येणार नाही, आणि मानीव दिनांक मिळाला तरी मागची थकबाकी सहसा मिळत नाही. मिळेल ती वरिष्ठ लिपिकांच्या यादीतली जागा. तुमची तेरा-चौदा वर्षांपेक्षा जास्त नोकरी शिल्लक असेल तर पुढच्या पदासाठी ती जागा फार मोलाची आहे, कारण एकदा तुम्ही शून्यावर आला आहात, दुसऱ्यांदा मागे पडणं परवडणारं नाही. मुलगी किती वर्षांची आहे ते तुम्ही लिहिलं नाहीत. दोन वर्षं लांब जाणं जमण्यासारखं आहे का, पती-पत्नी एकत्रीकरणाखाली जवळची नेमणूक मागता येईल का, हे तुमच्या घरातलं गणित, ते मी इथे बसून मांडू शकत नाही. नेमणुकीच्या ठिकाणाबद्दलची विनंती मात्र आदेश निघायच्या आधी द्यायची असते. आदेश हातात पडल्यावर दिलेली विनंती आणि नकार यांतला फरक वरच्या कार्यालयात कुणी करत बसत नाही.

नियमाची अधिसूचना आणि इतिवृत्त हातात आलं की त्यातली तुमच्या नावापुढची ओळ जशीच्या तशी मला लिहून पाठवा. तोवर सेवापुस्तक.